जन्मताट

एका वेळचं ताट चुकलं, तर कैलासला साडेतीन एकर वावर मिळणार होतं. पूर्वी ते नुसतंच वावर होतं. पऱ्हाटी लावा, तूर लावा, पदरात पडेल ते घरी न्या. मग हिंगणघाटच्या अलीकडं महामार्ग रुंद झाला. त्याला लागून ढाबे आले, पेट्रोलपंप आला, त्यामागून लेआउटवाल्यांचे रंगीत झेंडे आले, आणि वावराचा भाव एकराला पाऊण कोटीवर गेला. ताटात काय असायचं? दोन पोळ्या, वरण, भात, एक भाजी, वाटीभर ताक. चाळीस रुपयांचा माल, तोही मठाच्या कोठीत आधीच भरलेला. चाळीस रुपयांच्या चुकीवर अडीच कोटींच्या वर! असा सौदा लॉटरीवालासुद्धा देत नाही. कैलास कापसाच्या जिनिंगमध्ये हिशेबनीस होता. हा हिशेब त्याला सुचला नसता तरच नवल.

ताट होतं आनंदाबाईचं. कैलासची ती मोठीमाय, म्हणजे बापाच्या मोठ्या भावाची बायको. हिंगणीच्या पुढं, जंगलाच्या अंगाला, मठाची टाकळी म्हणून गाव आहे, तिथल्या मठात ती वीस वर्षांपासून राहत होती.

मठाचं पोट कसं चालतं हे जरा सांगायला हवं, त्याशिवाय पुढचं कळायचं नाही. मूळ बाबाजी एक घोंगडं घेऊन आले, असं कीर्तनात सांगतात. समाधी घेतली तेव्हा मागं दोन गावांचा वसूल होता, हे कीर्तनात सांगत नाहीत. भोसल्यांनी इनाम दिलं, इंग्रजांनी मालगुजारी चालू ठेवली. मग मालगुजारी गेली, कुळकायदा आला, सीलिंग आलं. दर वेळी मठाचं थोडं वावर गेलं आणि पंगतीतलं वरण थोडं पातळ झालं. तेव्हाच्या महंतानं डोकं चालवून जन्मताट काढलं. ज्याच्याजवळ वावर आहे पण म्हातारपणी ताट वाढणारं कोणी नाही, त्यानं वावर मठाला द्यावं. मठ त्याला एक खोली, दोन वेळचं जेवण, सालाची दोन लुगडी किंवा धोतरं, एक कांबळं आणि शेवटची लाकडं देईल. भरवसा सगळा देवावर. हिशेब मात्र वयावर. देणारा लवकर गेला तर मठाचा फायदा, चिवट निघाला तर देणाऱ्याचा.

पण वावर एकदा नावावर झालं की मठ आपल्याला विसरेल, ही धास्ती म्हाताऱ्यांना असायचीच. म्हणून महंतानं दानपत्रात अट घातली. एका दिवसाचंही ताट दिवस मावळायच्या आत पोचलं नाही, तर वावर परत. मात्र परत जाईल ते देणाऱ्याला नाही, त्यानं नाव दिलेल्या वारसाला. आणि ताट पोचलं की नाही हे ताटकरी, म्हणजे ताट घेणारा, सांगेल तेच खरं. मठ त्यावर वाद घालणार नाही. ही अट भोळी वाटते, पण महंत भोळा नव्हता. ताटकरी खोटं बोलला तर त्याचं ताट जातं आणि वावर मिळतं दुसऱ्याला. मग खोटं बोलेल कोण? माणसाच्या स्वार्थाचा हिशेब मठानं अगदी बरोबर मांडला होता. मायेचा खर्च तेवढा धरायचा राहून गेला.

आनंदाबाईचा नवरा गेला तेव्हा ती साठीला टेकली होती. मूलबाळ नव्हतं. तेराव्याच्या दिवशी आतल्या खोलीत दीर-जाऊ बोलत होते, की वहिनीची जेवणाची पाळी कशी लावायची. चार महिने आपल्याकडं, चार महिने तिच्या भावाकडं, उरलेले पाहू. कैलास तिथंच बसला होता. आई आजारी, म्हणून तो दहा वर्षांचा होईपर्यंत आनंदाबाईच्या मांडीवर जेवलेला. आता चोवीस वर्षांचा बाप्या झाला होता. तो काही बोलला नाही. आनंदाबाईनं भिंतीपलीकडून त्याचं न बोलणं नीट ऐकलं आणि पुढच्या आठवड्यात मठ गाठला.

तिथं तिनं बैल घ्यावा तसा सौदा केला. ताक रोज की नुसतं एकादशीला? कांबळं सुती की लोकरी? पोळ्या दोन, पण केवढ्या? कोठीचा कारभार बघणारे कोठारी बंडूजी लिहून घेत होते. शेवटी त्यांनी कागदावरून मान वर केली.

"बाई, तुम्ही मठात राहाले येऊन राह्यल्या का मठ इकत घेऊन राह्यल्या?"

"लिहा तुम्ही. मानसानं सांगतलेलं मानूस विसरते. लिहिलेलं विसरत नाई."

"वारस कोन लावू?"

इथं मात्र तिनं घासाघीस केली नाही. "कैलास," एवढंच म्हणाली.

तिला दमा होता. मठानं तिची आठ वर्षं धरली होती. पण बोरच्या जंगलाची हवा, वेळेवर जेवण आणि घरच्यांची कटकट नाही. बाई वीस वर्षं टिकली. दर पाडव्याला ती बंडूजींना चिडवायची, "कोठारी, यंदाबी मठाले घाटाच."

"घाटा कायचा? तुमच्याच वावरातली तूर तुम्ही खाऊन राह्यल्या. मी शिजोतो फक्त."

बंडूजी लहानपणापासून मठातच वाढले. ना घर, ना दार, ना वावर. त्यांच्याजवळ एकच गोष्ट होती: त्यांच्या हातून एकही ताट चुकलं नव्हतं. करोनात सगळं बंद होतं तेव्हा तोंडाला पंचा बांधून ते दारोदारी ताटं ठेवत फिरले. ताटकरी बाहेरगावी गेला की तितक्या दिवसांचा कोरडा शिधा त्याच्याबरोबर द्यायचा, आणि मुक्काम वाढला तर पुढचा शिधा कोठाऱ्यानं स्वतः नेऊन हातात ठेवायचा, अशी मठाची रीत. बंडूजी त्यासाठी जिल्हाभर एसटीनं हिंडले होते.

एवढं सगळं असून आनंदाबाईचं एका गोष्टीवाचून अडलं होतं, आणि ते तिनं कोणाजवळ काढलं नव्हतं. मठात घंटा व्हायची, ताट यायचं. हक्काचं होतं, चोख होतं. पण हक्काचं ताट कोणी आग्रहानं वाढत नाही. 'अजून एक घे ना' असं मठात कोणी म्हणत नाही, कारण पोळ्या दोन असं तिनंच लिहून घेतलं होतं. घरच्या चुलीपुढं, न मोजता, आपल्या माणसाच्या हातचं जेवावं, असं तिला फार वाटायचं. वीस वर्षांत कैलासच्या घरून तसं बोलावणं आलं नव्हतं.

ते यंदा दिवाळीच्या आधी आलं. कैलास जुनी का होईना, पण चारचाकी घेऊन आला. बरोबर वर्षालीनं, त्याच्या बायकोनं, चिवडा पाठवला होता. त्यानं ओसरीवर वाकून पाय धरले.

"माय, दिवाळीले घरी चाल. आकांक्षा रोज इचारते, मोठी आजी कवा येईन म्हनून."

"आकांक्षा? थे मले वळखते काय रे?"

"फोटो दाखोतो ना मी तुया."

आनंदाबाईनं त्याच्याकडं पाहिलं. माणसं वाचायची तिची सवय जुनी. गावात नवी सून आली की ही उंबऱ्यातच तिचा भाव ठरवायची. मठात आल्यापासून कैलास मोजून तीनदा आला होता, तेही सहीच्या कामाला. तिनं हे सगळं वाचलं आणि पान उलटून टाकलं. "थांब, पातळ बदलतो," म्हणाली.

बंडूजी पिशवी भरून घेऊन आले. तांदूळ, तुरीची डाळ, कणीक, गूळ, मिठाची पुडी.

"दोन दिवसाचा शिधा हाये. तिसऱ्या दिवशी मी घेऊन येतो."

"काऊन येता, बंडूजी?" कैलास हसला. "आमच्या घरी अन्न नाई काय?"

"अन्न सगळ्यायच्याच घरी हाये, भाऊ. पन थे मठाचं नाई."

"पाय बापा," आनंदाबाई गाडीत बसत म्हणाली, "मेलो तरी हे कोठारी पिंडाले कणीक मोजून देईन."

हिंगणघाटचं घर दोन खोल्यांचं, भाड्याचं होतं. पण त्या दोन खोल्यांत आनंदाबाईला राणीसारखं बसवलं. वर्षालीनं मठाची पिशवी फळीवर ठेवून दिली आणि आलूवांग्याची तर्रीदार भाजी केली. पोळी संपायच्या आत दुसरी पोळी ताटात पडायची.

"बस वं, किती वाढतं? पोट हाये का कोठी?"

"खा ना मोठीमाय, एवढुशी तर हाये."

एवढुशी तर आहे! आनंदाबाईनं चौथी पोळी खाल्ली. रात्री छातीत जड झालं तरी कोणाला सांगितलं नाही. पोळीला बोल लागला असता.

तिसऱ्या दिवशी सकाळीच कैलास म्हणाला, "चाल माय, तुले गिरडले नेतो."

गिरडच्या टेकडीवर शेख फरीदबाबाचा दर्गा. लग्नानंतर नवऱ्यानं तिला बैलबंडीनं तिथं नेलं होतं, तेव्हापासून पुन्हा जायचं राहूनच गेलं होतं. कैलासनं तिला हात धरून एकेक पायरी चढवली. ती दम खायला थांबली की तोही थांबायचा. आकांक्षानं तिच्या डोक्यावरचा पदर सारखा करून फोटो काढले. खाली उतरून भजे खाल्ले, चहा घेतला. सीताफळं विकायला बसली होती, कैलासनं एक फोडून गर काढून तिच्या हातावर ठेवला.

"आता निघू रे, दिवस कलला."

"बस ना माय अजून. कायची घाई हाये? अजून एक चहा घेऊ."

एक चहा झाला, मग अजून एक झाला. वर्षाली म्हणाली, तिकडं तळ्याकडं चक्कर मारू. कैलास मधून मधून आभाळाकडं पाहत होता. आनंदाबाईला वाटलं, पोराला आपल्याला सोडवत नाही. गाडीत बसल्यावर तिनं आकांक्षाच्या खांद्यावर डोकं टेकलं. एवढं न मोजता तिला कोणीच काही दिलं नव्हतं, आणि वाटेत तिनं डोळे मिटले ते झोपेनं नाही.

गाडी गल्लीत शिरेना, म्हणून कैलासनं बायकांना आधी उतरवलं आणि तो ती लावायला पुढं गेला. वर्षाली आणि आकांक्षा कोपऱ्यावरच्या दुकानात दूध घ्यायला वळल्या. आनंदाबाई एकटीच घरापर्यंत आली.

कुलूप लावलेल्या दाराच्या पायरीवर बंडूजी बसले होते. मांडीवर पिशवी. सकाळच्या एसटीनं आले होते, तेव्हापासून तिथंच. त्यांनी उठता उठता पश्चिमेकडं पाहिलं. समोरच्या घराच्या पाण्याच्या टाकीवर अजून ऊन होतं.

"घ्या आनंदाबाई. दिवस हाये अजून." त्यांनी पिशवी तिच्या हातात ठेवली. दिवसभर काही खाल्लं नसावं.

"थांबा, चहा तरी..."

"शिधा आनला त्या घरचं पानी घेत नाई आमी. रीत हाये. येतो. शेवटची गाडी भेटली पायजे."

ते वळले तेवढ्यात कैलास गल्लीच्या तोंडाशी आला. त्यानं पाठमोरे बंडूजी पाहिले, आनंदाबाईच्या हातातली पिशवी पाहिली. सकाळी बाजारात कापसाचा भाव पडला की व्यापाऱ्याचं तोंड जसं होतं, तसं त्याचं तोंड झालं. क्षणात त्यानं ते सारखं केलं, पण आनंदाबाईनं पाहायचं ते पाहून घेतलं होतं. तीन चहा, तळ्याची चक्कर, आभाळाकडं बघणं. तिच्या तोंडातली सीताफळाची गोडी तिथल्या तिथं आंबली.

दुसऱ्या दिवशी सकाळी वर्षाली भाजी आणायला गेली तेव्हा कैलास आनंदाबाईपुढं येऊन बसला. तिनंच सुरुवात केली.

"तर मले गिरडले यासाठी नेलतं."

"खोटं नाई बोलत, माय. दोन्ही होतं. तुले नेयाचंबी होतं, आन दिवस मावळू देयाचा होता."

हे ऐकून तिला राग यायला हवा होता. पण तो 'दोन्ही' म्हणाला, आणि त्यातलं अर्धं खरं होतं. वीस वर्षं उपाशी असलेल्या माणसाला अर्धी भाकरही पुष्कळ वाटते.

"मंग आता? दिवस तं मावळला नाई. भेटलं मले ताट."

"कोनी पाह्यलं? मी गाडी लावून राह्यलतो. वर्षाली दुकानात होती. माय, तू एक शब्द म्हन. ताट पोचलं नाई. बस. माया बापाचं, तुया नवऱ्याचं वावर हाये थे, मठाचं काऊन व्हावं? आकांक्षाची फी हाये. स्वतःचं घर होईन. वर तुयासाठी खोली बांधतो, रस्त्यावर खिडकी काढून. त्या जंगलात एकटी मराले काऊन जातं?"

"आन बंडूजीचं का होईन?"

"त्यायले का होते? ना लेकरू, ना बाळ. मठ सांभाळते त्यायले."

आनंदाबाईची नजर वर गेली. फळीवर मठाच्या दोन पिशव्या शेजारी शेजारी होत्या, दोन्ही न उघडलेल्या. तिनं एकच विचारलं, "आन माया जेवनाचं?"

कैलास हसला, अगदी लहानपणी हसायचा तसा. "हे का इचारनं झालं? घरचं जेवन. त्यात का सांगाचं?"

खरंच त्यात काय सांगायचं, असं तिलाही वाटलं. ज्या बाईनं साधूकडून ताकाची वाटी लिहून घेतली होती, तिनं घरच्या माणसाकडून पाण्याचा तांब्याही लिहून घेतला नाही.

मठात सकाळची आरती झाल्यावर सगळे सभामंडपात बसले. ताटकरी म्हातारे ओळीनं भिंतीशी. हिंगणघाटचे व्यापारी हिरालाल, मठाचे विश्वस्त, कैलासचा वावर परत मागायचा अर्ज कळल्यापासून बसल्या जागी चुळबुळत होते. महंत थकलेले होते, हळू बोलायचे.

"आनंदाबाई, त्या दिवशीचं ताट तुमच्या हाती आलं?"

तिनं खांबाकडं पाहून सांगितलं, "नाई आलं, महाराज."

भिंतीशी बसलेल्या एका म्हातारीनं तोंडावर हात ठेवला. महंतांनी बंडूजींकडं पाहिलं. "कोठारी?"

बंडूजींनी आनंदाबाईकडं पाहिलं. त्या पाहण्यात राग असता तर तिला बरं वाटलं असतं. बंडूजी विचार करत होते. एखादं गिऱ्हाईक तोट्याचा सौदा करतंय आणि त्याला थांबवायचं कसं, असं त्यांचं तोंड होतं. मग त्यांनी हात जोडले.

"ताटकरी सांगन तेच खरं, महाराज. माई चूक झाली."

"महाराज!" हिरालाल उभेच राहिले. "अडीच कोटीचं वावर हाये! हे कोठारी दिवसभर हिंगणघाटात होते, माह्या दुकानापुढून गेले! कोर्टात जाऊ आपन."

"बसा हिरालालजी," महंत म्हणाले. "कोठीत गहू कमी हाये, तांदूळ कमी हाये. लोकं आपल्याले वावर देते थे कशाच्या भरवशावर? ताटकऱ्याशी मठ एकदा भांडला, का मंग आपल्या कागदाले कोन पुसते?" त्यांनी डोळे मिटले. "वावर देऊन टाका. आन ज्याच्या हातून ताट चुकलं थो कोठीत राहत नाई. भांडे घासाले जातो. हेबी रीतच हाये."

बंडूजींनी कमरेच्या करगोट्यातून कोठीची किल्ली सोडली. गाठ जुनी होती. सुटायला वेळ लागला. सगळे बघत होते, आणि आनंदाबाईही बघत होती, कारण मान फिरवायची तर कोणाकडं फिरवायची?

वावर पुढच्या पेरणीआधी विकलं गेलं. कैलासनं घर बांधायला काढलं; वाळू आली, विटाही आल्या. मग आकांक्षाला नागपूरच्या कॉलेजात जागा मिळाली, आणि वर्षालीच्या भावानं नागपुरातच फ्लॅट दाखवला. विटा शेजाऱ्याला विकल्या.

"मोठीमाय, चवथा माळा हाये," वर्षालीनं समजावलं. "लिफ्टचा भरोसा नाई. तुमचा दमा. तुम्ही इथंच राहा, भाडं आमी भरतो. डब्याचं लावून देल्लं हाये."

कैलास निघताना पाया पडला. त्याच्या डोळ्यांत पाणी होतं आणि ते खरं होतं. "दर रविवारी येतो, माय." पहिले दोन रविवार आला. मग एक सोडून एक. मग फोनवर नुसता आवाज यायला लागला, आणि तोही घाईत असायचा.

डबा खानावळीतून यायचा. कधी दुपारी एकला, कधी तीनला. खानावळवाल्याच्या घरी कार्य असलं की यायचाच नाही. आनंदाबाई दारात बसून वाट बघायची आणि दिवस मावळताना समोरच्या टाकीवरचं ऊन सरकताना पाहायची. ताट चुकलं म्हणून आता कोणाचंही काही परत जाणार नव्हतं. कैलासला सांगितलं तर तो खानावळवाल्याला झापायचा, आणि दुसऱ्या दिवशी डब्यात भाजी कमी यायची. म्हणून तिनं सांगणं सोडलं.

तिनं हे सगळं सोसलं असतं. सौदा तिनंच केला होता. पण एक गोष्ट तिला जेवू देत नव्हती. ती एका सकाळी एसटीत बसली, वर्ध्याला गाडी बदलली, आणि मठाच्या टाकळीला उतरली.

कोठीपुढं रूपराव नावाचे नवे कोठारी बसले होते. त्यांनी तिला ओळखलं नाही असं दाखवलं. महंत ओसरीवर उन्हात बसले होते. ती त्यांच्यापुढं खालीच बसली.

"महाराज, मी खोटं बोललो. ताट भेटलं होतं मले. दिवस असताना भेटलं. बंडूजीनं मायाच हातात देल्लं."

"मले वाटलंच होतं," महंत म्हणाले. "बंडूजीच्या हातून चुकते काय?"

"मंग त्यायले कोठी वापस द्या. मी सगळ्यायपुढं सांगतो. माया शब्द..."

"तुमचा शब्द तेव्हा मठाले बांधून होता, आनंदाबाई. तुम्ही ताटकरी होत्या." महंतांचा आवाज कठोर नव्हता, म्हणूनच तो सोसवत नव्हता. "आता तुम्ही ताटकरी नाई. बाहेरच्या मानसाच्या शब्दावर मी ताटकऱ्याचा शब्द कसा पुसू? उद्या कोनीबी येऊन सांगन का अमक्या म्हातारीचं खोटं होतं. भिंतीशी बसलेल्या बाकीच्यायचं का होईन मंग?"

"पन खरं हाये थे, महाराज."

"हो. खरं हाये." त्यांनी हात जोडले. "पंगत बसन आता. जेवून जाजा."

मठ बदलला होता. ओसरीच्या पलीकडं खोल्यांची नवी रांग उठत होती. महामार्गाला लागून असलेलं वावर मठानं एका ताटासाठी सोडलं, ही गोष्ट वर्धा, सेलू, आर्वीपर्यंत गेली होती. असा मठ कुठं मिळतो, म्हणून लोक वावरं घेऊन येत होते, आणि वर रोख देणगीच्या पावत्या फाटत होत्या. हिरालाल स्वतः सिमेंट पाठवत होते.

बंडूजी मागं नळापाशी उकिडवे बसून गंज घासत होते. मोठ्या पंगतीचा भाताचा गंज, अख्खा माणूस आत बसेल एवढा. कोपरापर्यंत हात राखेनं भरलेले. ती शेजारी बसली आणि दुसरा गंज ओढून घेतला.

"ठेवा थे," ते म्हणाले. "राखेनं दमा उठन."

"मी सांगतलं महाराजाले. खरं सांगतलं."

बंडूजींचा हात थांबला. "काऊन सांगतलं? त्यानं का वापस येते? आता तुमचं नावबी गेलं."

"तुमी तवा काऊन नाई बोलले, बंडूजी? तुमी एकदा म्हतलं असतं ना, का बाई खोटं बोलते..."

"म्हतलं असतं तं तुमाले घरी कोनी ठेवलं नसतं, अन् इथीबी." त्यांनी पुन्हा घासायला सुरुवात केली. "मले वाटलं, बाई घरी चालली. इतक्या वर्सानं चालली. जाऊ द्या."

पंगतीची घंटा झाली. दोघंही उठले नाहीत. नळ वाहत होता. आनंदाबाईनं आयुष्यभर केला तसा हिशेब याही वेळी मनात लावला, कारण दुसरं काही तिला करता येत नव्हतं. कैलासला वावराचे पैसे मिळाले, फ्लॅट मिळाला, पोरीचं शिक्षण सुरू झालं. मठाचं वावर गेलं, पण त्याच्या बदल्यात नाव मिळालं आणि नावाच्या मागून त्याहून जास्त वावर आलं. तिचं ताट गेलं, पण तेही तिनं स्वतः विकलं होतं, आणि भावात चार पोळ्या आणि गिरडची एक दुपार घेतली होती. ज्याला ह्या व्यवहारात एका आण्याचं घेणं नव्हतं, त्याची किल्ली गेली, आणि एकही ताट न चुकवलेलं नाव गेलं. सगळ्यांचं भरलं ते एकट्या बंडूजींनी.